चाळण

खलाशीगृहाच्या फॉर्मवर 'वडिलांचे नाव' याला
एक रेघ आहे, चार बोटं लांब.
तो म्हणाला, पाश्क, न्दुएचा.
न्दुए प्रेंडचा, प्रेंड कोलाचा,
माझं पेन हवेत, आणि तो थांबेना.
चौदा बाप त्यानं एका दमात उतरवले
माझगावच्या टेबलावर, पंख्याखाली,
जहाजावरून पोती उतरावीत तसे.
एकही फाटलं नाही.

त्याचं जहाज सहा महिने बंदराबाहेर नांगरलेलं.
मालक दिवाळखोर. पनामाचा झेंडा
उन्हानं विटून आता नुसतं फडकं.
पगार नाही, परतीचं तिकीट नाही,
गोड्या पाण्याची बार्ज फक्त मंगळवारी.
सांगायला मात्र त्याच्याकडे वेळच वेळ,
आणि मोडकं इंग्रजी, माझ्याइतकंच.

आल्बेनियाच्या उत्तरेला, डोंगरात, तीन भाऊ.
तुर्कांच्या भयानं वर चढलेले.
कुठून? आजोबा एक गाव सांगत,
आजोबांचा भाऊ दुसरं,
त्यावरून दोघं एका ईस्टरला बोलले नाहीत.
बाप मेला, वाटणी झाली.
थोरल्यानं खोगीर घेतलं, त्याचे ते शाला.
मधल्यानं चाळण उचलली, ते शोशी.
धाकट्याला घरात काही उरलंच नव्हतं.
तो उंबऱ्याबाहेर उभा राहून म्हणाला, 'मीर दीता',
दिवस चांगला जावो,
आणि चालू लागला. ते मिर्दिता.
सगळ्यात जास्त तेच वाढले, पाश्क म्हणतो,
जरा चिडूनच.

मी म्हटलं, नावांवरून मागाहून रचलेलं असणार हे.
असेल, तो म्हणाला. पण खोगीर आमचं.

माझ्याकडे चौदा नाहीत.
चर्चच्या वहीत सातव्या बापापर्यंत पोचते मी,
पुढची पानं वाळवीनं खाल्ली.
त्याच्याही आधी कधीतरी, कुणा पाद्र्यासमोर,
एक माणूस डोक्यावर पाणी घेऊन
पोर्तुगीज नाव लावून उठला.
तो भंडारी होता की कोळी, की आणखी कुणी,
उठण्याआधी त्याला काय हाक मारत,
वहीत नव्हतंच ते.
लग्नात मात्र आम्ही अजून
बँड लावून उंबराचं पाणी आणतो.
का, ते विचारलं की मावश्या म्हणतात,
आणायचं असतं.

आणि आया? मी पाश्कला विचारलं.
त्यानं बोटांवर पुन्हा मोजलं,
अंगठ्यापाशी येऊन अडकला.
मग म्हणाला, आम्ही वर पोचलो तेव्हा
तिथे आधीची माणसं होती. आनास म्हणतो त्यांना.
त्यांचं काय झालं?
थोडी घरं आहेत अजून.
आणि त्यांच्या मुली…
तो चहा ढवळत राहिला.
त्यात मी साखर घातलीच नव्हती.

नंतर बऱ्याच वेळानं म्हणाला, आजीचं नाव द्राना.
ती कुणाची, ते कधी सांगितलं नाही कुणी.
खिशातून त्यानं पांढरी नमद्याची टोपी काढली,
अंड्याच्या अर्ध्या टरफलासारखी,
टेबलावर उपडी ठेवली.
तिनं केलेली, म्हणाला.

म्हातारपाखाडीतलं आमचं घर माझ्या भावांनी बिल्डरला दिलं.
इनासला ठाण्यात फ्लॅट मिळाला,
बस्त्यावनं पैसे घेतले, कुणाला आकडा सांगितला नाही.
मी कासिल्दा, बिनलग्नाची बहीण.
मला आईची पिठाची चाळण मिळाली,
तीही मी मागितली म्हणून.
फुग्यांचं पीठ अजून तिनंच चाळते.

हे ऐकून पाश्क इतका हसला
की दारातला वॉचमन डोकावला.
म्हणजे तू शोशी! म्हणाला. मग आपलं जुनं वैर आहे.
खोगीर आणि चाळण, किती माणसं गेली त्यात.
मग आता?
मग बेसा. शब्द द्यायचा. दिलेल्या मुदतीत
कुणी कुणावर हात उचलायचा नाही.

किती दिवसांची मुदत?
त्यानं खिडकीकडे पाहिलं,
गोदीच्या भिंतीपलीकडे, जिथून ते जहाज दिसतही नाही.
मंगळवार धर, म्हणाला. मग पुन्हा मंगळवार.

फॉर्मच्या रेघेवर मी 'न्दुए' लिहिलं.
मागची बाजू कोरी होती.
तिथे द्राना.